सीमाभागातून मराठी ब्लॉग लिहिताना: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव शहर, खानापूर, निपाणी, चिकोडी, कधीमधी कारवार-भालकीकडूनही ब्लॉगविषयी विचारणा होते. जे प्रश्न फिरून फिरून येतात ते इथं एकत्र केलेत आणि शक्यतो विचारणाऱ्यांच्याच भाषेत ठेवलेत. तेच तेच दोनदा सांगायला नको म्हणून जिथं गरज आहे तिथं दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिलाय.

१. ब्लॉग म्हणजे नक्की काय? मी फेसबुकवर लिहितो, तो ब्लॉगच झाला ना?

नाही. ब्लॉगवर प्रत्येक लेखाला स्वतःचा पत्ता आणि तारीख असते, आणि वाचणाऱ्याचं कुठंच खातं नसलं तरी तो लेख उघडतो. फेसबुकवर चांगलं लिहिलेलंसुद्धा आठवडाभरात इतकं खाली जातं की लिहिणाऱ्यालाच परत सापडत नाही. शिवाय जागा परक्याची. जिओसिटीज २००९ मध्ये बंद झालं, ऑर्कुट २०१४ मध्ये, गुगल प्लस २०१९ मध्ये, आणि तिथं लोकांनी लिहिलेलं बहुतेक सगळं गेलं. ब्लॉगर हे ब्लॉग लिहायचं संकेतस्थळ १९९९ पासून सुरू आहे. तेही बंद पडणार नाही अशी हमी कुणी देत नाही, पण ब्लॉगवरचे सगळे लेख एका फाइलीत उतरवून दुसरीकडे नेता येतात (प्रश्न १८).

२. आता सगळे रील बघतात. ब्लॉग वाचतंय कोण?

ज्याला काहीतरी हवं असतं तो वाचतो. रील समोर येतं म्हणून बघितलं जातं, ब्लॉगवर माणूस शोधत येतो. नोकरीसाठी पुण्याला गेलेल्या मुलीला आपल्या गावच्या लक्ष्मीच्या जत्रेचा मान कुठल्या घराण्याकडे असतो हे सासरच्यांना सांगायचं असतं. हिंडलग्यातल्या माणसाला जमिनीच्या उताऱ्यावरचा कन्नडमधला एक रकाना समजून घ्यायचा असतो. असे वाचक एका दिवशी गर्दी करत नाहीत, वर्षानुवर्षं एकेक येत राहतात. म्हणून पहिल्या दिवशीचे वाचक मोजून निराश होऊ नका. लेख किती दिवस उपयोगी पडतोय, हे बघा.

३. बेळगावात मराठी दैनिकं आहेत, गावोगावी साहित्य संमेलनं भरतात. मग ब्लॉगनं वेगळं काय साधणार?

दोन्ही आहेत याचा अभिमानच आहे. कडोली, उचगाव, येळ्ळूर, बेळगुंदी, सांबरा अशा गावांनी स्वतःच्या बळावर संमेलनं भरवावीत, ही सोपी गोष्ट नाही. पण पेपरला जागा मोजून असते आणि बातमी दुसऱ्या दिवशी शिळी होते. संमेलनातलं भाषण मांडव उतरला की संपतं.

अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन बेळगावात १९२९, १९४६ आणि २००० साली झालं. १९४६ च्या संमेलनात संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला हे आपल्याला ठाऊक आहे, कारण ते छापलं गेलं. आलेल्या पाहुण्यांची सोय कुणाकुणाच्या घरी केली, पंगतीला काय होतं, बायकांना मांडवात बसायला जागा कुठं होती, हे कुणी लिहिलं असलंच तर घरच्या एखाद्या वहीत. ती वही आता कुठल्या ट्रंकेत आहे कुणास ठाऊक.

मला यातलं सगळ्यात महत्त्वाचं हे वाटतं: पुण्या-मुंबईच्या माध्यमांना आपली आठवण होते ती न्यायालयात तारीख लागली, गाड्या अडवल्या किंवा दगडफेक झाली की. बेंगळुरूकडून मराठीत काही लिहून येण्याचा प्रश्नच नाही. वर्षातले बाकीचे सगळे दिवस आपण पेरणी करतो, पोरांची लग्नं लावतो, माग चालवतो, ऊस तोडतो. त्यातलं आपण लिहिलं नाही तर दुसरं कुणीही लिहिणार नाही. ब्लॉगला संपादकाची परवानगी लागत नाही आणि जागेची मर्यादा नाही, म्हणून या कामाला तो बरोबर बसतो.

४. मी लेखक नाही. मी लिहू तरी काय?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, आणि विचारणाऱ्याकडे बहुतेक वेळा सांगण्यासारखं भरपूर असतं. 'ललित लेखन' करायचंय हे डोक्यातून काढून टाका. तुम्हाला जे जवळून माहीत आहे आणि दुसऱ्याला नाही, तिथून सुरुवात करा.

मांडे घ्या. बेळगावचे मांडे सगळ्यांनी खाल्लेत. पण पारी हातांवर फिरवत फिरवत एवढी मोठी करताना ती फाटत कशी नाही, उपड्या भांड्यावर टाकल्यावर आच कशी राखायची, आणि मांडा गरम असतानाच घडी का घालावी लागते (गार झाला की कडक होतो, मग घडी घालायला गेलात तर मोडतो), हे करणाऱ्या बाईंनाच माहीत असतं. त्यांच्याशेजारी तासभर बसा. पीठ किती वेळ मुरवता, सारणात काय काय घालता, पहिला मांडा बिघडला तर त्याचं काय करता, हे विचारा. आच कमी आहे हे त्यांना कशावरून कळतं तेही विचारा. मिळालेली उत्तरं जशीच्या तशी लिहिली तरी लेख तयार होतो.

शहापूर-वडगावच्या विणकर गल्ल्यांत कांड्या भरणाऱ्या बायकांचा दिवस कसा जातो? तंबाखूच्या वखारीत काम केलेल्या निपाणीच्या आज्जी काय सांगतात? १९८१ च्या तंबाखू उत्पादकांच्या आंदोलनात जे महामार्गावर बसले होते ते आता म्हातारे झालेत, त्यांच्याशी बोलायला उशीर करून चालणार नाही. मलप्रभा जिथं उगम पावते त्या कणकुंबीकडच्या गावात पावसाळ्यापूर्वी घर कसं शाकारायचे? तुमच्या गावची मराठी शाळा कधी सुरू झाली, पटावर मुलं किती होती, आज किती आहेत? राकसकोपचं पाणी येण्याआधी तुमच्या गल्लीला पाणी कुठल्या विहिरीचं होतं?

यातला एकच प्रश्न निवडा. सगळ्या गावाचा इतिहास एका लेखात कोंबायला गेलात की लेख पूर्ण होत नाही, असा माझा अनुभव आहे.

५. कॉम्प्युटर नाही. मोबाइलवर लिहिलं तर चालेल?

चालेल. जीबोर्डसारख्या कीबोर्डवर मराठी घ्या. टाइप करायचा कंटाळा असेल तर बोलून लिहा आणि मग वाचून दुरुस्त करा. आपल्या बाजूची गावांची नावं बोलून लिहिताना हमखास चुकतात, तेवढी डोळ्यांखालून घाला.

६. आमच्या मंडळाच्या जुन्या स्मरणिका डीटीपीवाल्याकडे आहेत. त्यातला मजकूर ब्लॉगवर टाकला तर विचित्र अक्षरं दिसतात. काय करायचं?

तो मजकूर श्रीलिपीसारख्या जुन्या पद्धतीच्या फॉन्टात आहे. त्या फॉन्टात पडद्यावर मराठी दिसतं, पण आत इंग्रजी अक्षरांचेच क्रमांक साठवलेले असतात. फॉन्ट नसलेल्या मोबाइलवर म्हणून ती अक्षरं उघडी पडतात, आणि गुगललाही तिथं मराठी असल्याचं कळत नाही. मजकूर युनिकोडमध्ये, म्हणजे सगळ्या मोबाइल-कॉम्प्युटरवर चालणाऱ्या पद्धतीत, बदलून घ्यावा लागतो. त्यासाठी फुकट कन्व्हर्टर मिळतात, फक्त मूळ फॉन्ट नेमका कोणता हे डीटीपीवाल्याला विचारून घ्या.

बदलल्यावर एकदा बारकाईनं वाचा. रफार एक अक्षर मागंपुढं सरकतो, पहिली वेलांटी भलत्याच अक्षराला लागते, 'ऱ्या' मोडतो. मूळ फाइल मिळत नसेल तर छापील पानांचे स्वच्छ फोटो काढून ठेवा आणि निदान लेखांची नावं, लेखक आणि वर्ष टाइप करा. तेवढ्यानंही शोधणाऱ्याला वाट सापडते. स्मरणिकेतले लेख ज्यांचे आहेत त्यांची परवानगी मात्र हवी (प्रश्न १५).

७. ब्लॉगर घेऊ की वर्डप्रेस?

पहिल्यांदाच लिहीत असाल तर ब्लॉगर. फुकट आहे, गुगलच्या खात्यावर चालतं, आणि उघडायला फार वेळ लागत नाही. मांडणीत जास्त मोकळीक हवी असेल, किंवा तिघं-चौघं मिळून मोठं काम करणार असाल, तर वर्डप्रेस.

ब्लॉगरवर एक गोष्ट पहिल्या दिवसापासून लक्षात ठेवा. लेखाचं शीर्षक देवनागरीत असलं की ब्लॉगर त्याचा पत्ता नुसता 'ब्लॉग-पोस्ट' आणि पुढं एखादा आकडा असा करून टाकतो. त्यावरून लेख कशाचा ते कुणालाच कळत नाही. प्रसिद्ध करण्याआधी उजवीकडच्या पर्मालिंकमध्ये जाऊन रोमन अक्षरांत दोन-तीन शब्दांचा पत्ता स्वतः द्या, 'yellur-rajhansgad' असा. नंतर बदललात तर आधी पाठवलेल्या लिंका तुटतात.

८. 'बेळगाव' लिहू की 'बेळगावी'?

तुमच्या तोंडात जे आहे ते लिहा. सरकारी नाव १ नोव्हेंबर २०१४ पासून बेळगावी झालं, त्यामुळे शोधणारे दोन्ही नावांनी शोधतात. मजकुरात एकदा दुसरं नाव ओघात येऊ द्या. गावांच्या नावांतही हेच करा. येळ्ळूर आणि येल्लूर ही दोन्ही रूपं चालतात, एकदा दोन्ही लिहिली की काम झालं. वर तालुका आणि जिल्हा लिहायला विसरू नका, एकाच नावाची गावं बरीच आहेत.

९. माझं शिक्षण कन्नड माध्यमात झालं. घरी मराठीच, पण लिहिताना ऱ्हस्व-दीर्घ चुकतं. लोक हसतील का?

हसणारा एखादा भेटेल. त्यानं थांबू नका. आपल्याकडची हजारो मुलं कन्नड किंवा इंग्रजी माध्यमातून शिकलीत आणि मराठी घरात ऐकून बोलतात. त्यांनी मराठीत लिहिणं हीच इथं मोठी गोष्ट आहे. लेख टाकण्याआधी मराठी शाळेत शिकलेल्या एखाद्या मावशीला किंवा निवृत्त गुरुजींना वाचायला द्या, बहुतेक जण आनंदानं तपासून देतात. चूक नंतर दिसली तर ब्लॉगवर केव्हाही दुरुस्त करता येते.

१०. प्रमाण मराठीत लिहू की आपण बोलतो तसं?

निवेदन ज्या मराठीत तुमचा हात मोकळा चालतो तिच्यात करा. माणसं बोलतात तिथं मात्र ती बोलतात तसंच लिहा. आपल्याकडच्या कितीतरी बायका 'मी येतो', 'मी जातो' म्हणतात. आज्जीच्या तोंडी 'मी येते' घातलंत तर ती आज्जी दुसऱ्याच गावची होते. रोजच्या बोलण्यात आलेले कन्नड शब्द गाळू नका. पुण्याच्या वाचकाला अडेल असं वाटलं तर पुढच्या वाक्यातून अर्थ कळू द्या, प्रत्येक शब्दामागं कंस उघडू नका.

११. लिहितो, पण वाचल्यावर शाळेतल्या निबंधासारखं वाटतं. काय चुकतंय?

बहुतेक वेळा विशेषणं जास्त आणि पाहिलेलं कमी, एवढंच चुकतं. बेळगावच्या शिवजयंतीवर ढिगानं लेख असे सुरू होतात: 'शिवजयंती म्हणजे बेळगावकरांच्या उत्साहाला आलेलं उधाण.' हे वाक्य कुणीही, कुठंही बसून लिहू शकतो. आता हे वाचा: 'रात्री दोन वाजता चित्ररथावर अफजलखान झालेला पोरगा बसल्या जागी डुलकी घेत होता, आणि त्याची आई ट्रॉलीबरोबर चालत खालून पाण्याची बाटली पुढं करत होती.' हे लिहायला मिरवणुकीत असावं लागतं. उत्साह, उशीर, आईची काळजी, सगळं त्यात येतं आणि एकाचंही नाव घ्यावं लागत नाही.

लेख लिहून झाला की पहिला परिच्छेद झाकून बघा. पुष्कळदा खरा लेख दुसऱ्या परिच्छेदापासून सुरू झालेला असतो. तसं असेल तर पहिला काढून टाका. आकडा, वर्ष, नाव यांची खात्री नसेल तर कुणाला तरी विचारा, आणि तरीही पक्कं झालं नाही तर ते वाक्य सोडून द्या. आपल्या भागावर लिहिलेलं मुळात थोडं आहे, त्यामुळे एक चुकीचं वर्ष दहा ठिकाणी उतरवलं जातं.

१२. लेख किती मोठा हवा? किती दिवसांनी टाकायचा?

विषय संपेपर्यंत. महिन्याला एक पुरे. रोज काहीतरी टाकायचं ठरवणारे गणपतीपर्यंत टिकत नाहीत.

१३. लोकांपर्यंत पोचवू कसं?

गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर पूर्ण लेख चिकटवू नका. त्यातली सगळ्यात जिवंत दोन वाक्यं द्या आणि खाली लिंक. पूर्ण लेख टाकलात की तो तुमच्या नावाशिवाय फिरायला लागतो (प्रश्न १५).

लेखाचं शीर्षक शोधणाऱ्याच्या शब्दांत ठेवा. 'मातीचा गंध' या शीर्षकावरून खानापूरची कुंभारकामाची माहिती कुणालाही सापडणार नाही, 'खानापूरचे कुंभार कौलं कशी करायचे' यावरून सापडेल. उपयोगी लेखही मधूनमधून लिहा: कन्नड उतारा कसा वाचायचा, कुठल्या दाखल्याला कुठली कागदं लागतात. असे लेख वाचायला आलेला माणूस मग तुमच्या आज्जीची गोष्टही वाचतो. कार्यालयातले नियम बदलतात, म्हणून अशा लेखाच्या वर तो शेवटचा कधी तपासला ती तारीख लिहा.

१४. आता एआय सगळं लिहून देतं. मग आपण का लिहायचं?

कारण जे कुठंच लिहिलेलं नाही ते एआयला माहीत नसतं. तुमच्या गावची जत्रा किती वर्षांनी भरते असं त्याला विचारलंत तर ते आत्मविश्वासानं काहीतरी सांगेल, आणि ते शेजारच्या जिल्ह्यातल्या दुसऱ्याच गावाचं असण्याची शक्यता भरपूर. सीमाभागावर मराठीत जितकं खरं लिहिलेलं असेल तितकंच या यंत्रांच्या उत्तरांत खरं येणार. शुद्धलेखन तपासायला त्याची मदत जरूर घ्या. आठवणी लिहून घेऊ नका.

१५. माझा लेख माझं नाव काढून फिरतोय. काही करता येतं का? आणि मी जुने फोटो वापरले तर?

लेख लिहिला त्या क्षणापासून त्याचा हक्क तुमचा असतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात त्यासाठी नोंदणीची सक्ती नाही, आणि हा हक्क लेखकाच्या हयातीत व त्यानंतर ६० वर्षं राहतो. ब्लॉगवर तारीख असते, तोच तुमच्या बाजूचा पहिला पुरावा. आधी त्या माणसाला सभ्यपणे मेसेज करा, बहुतेकांना आपण काही गैर केलंय हेच माहीत नसतं. दुसऱ्या संकेतस्थळानं लेख उचलला असेल आणि ऐकत नसेल तर गुगलकडे कॉपीराइटची तक्रार करायचा अर्ज असतो.

हाच नियम आपल्यालाही लागू आहे. फोटो तुमच्या अल्बममध्ये आहे म्हणून तो छापायचा हक्क आपोआप तुमचा होत नाही. फोटो काढणाऱ्याला किंवा त्याच्या घरच्यांना विचारा आणि खाली नाव द्या.

१६. गावातल्या खऱ्या माणसांबद्दल लिहिलं तर वाईट वाटून घेतील का?

घेऊ शकतात, म्हणून आधी वाचून दाखवा. भाऊबंदकी, आजारपण, मोडलेली लग्नं, कर्ज, यांत नाव न घेताही गावाला माणूस ओळखू येतो. अशा वेळी लेख चांगला झालाय हे कारण पुरेसं नाही. जिवंत माणसानं नको म्हटलं तर नको. लहान मुलांचे फोटो आई-वडिलांना विचारल्याशिवाय टाकू नका.

१७. सीमाप्रश्नावर लिहिलं तर पोलीस केस होईल, असं घरचे म्हणतात. खरं आहे का?

मत मांडणं गुन्हा नाही. नुसत्या त्रासदायक पोस्टवरून अटक करता येईल असं माहिती तंत्रज्ञान कायद्यातलं जे ६६अ कलम होतं ते सर्वोच्च न्यायालयानं २०१५ मध्ये रद्द केलं. पण भारतीय न्याय संहितेत कलम १९६ (समाजगटांत वैर वाढवणं) आणि कलम ३५६ (बदनामी) आहेत, आणि तणावाच्या दिवसांत एखाद्या वाक्यावरूनही माणूस अडचणीत येऊ शकतो. तेव्हा घरच्यांची काळजी अनाठायी नाही.

मी असं सुचवते. तारखा आणि कागद यांच्या आधारानं लिहा: १९५६ ची राज्य पुनर्रचना, १९६६ मध्ये नेमलेला महाजन आयोग आणि १९६७ चा त्याचा अहवाल, २००४ मध्ये महाराष्ट्रानं सर्वोच्च न्यायालयात दाखल केलेला दावा. गाऱ्हाणं सरकारी धोरणाबद्दल असेल तर ते धोरण कोणतं, त्यानं कुणाचं काय अडलं, हे स्पष्ट लिहा. कन्नड बोलणाऱ्या शेजाऱ्यांवर घसरू नका. ते आपल्याच गल्लीत राहतात, आपल्या लग्नात जेवतात, आणि त्यांच्यातले पुष्कळ जण मराठी वाचतात. फॉरवर्ड होऊन आलेला फोटो किंवा व्हिडिओ कुठला, कधीचा याची खात्री झाल्याशिवाय लेखात घेऊ नका. मोर्चाच्या किंवा दंग्याच्या रात्री लिहिलेलं सकाळी परत वाचून मगच टाका. प्रकरण खरोखर पोलिसांपर्यंत गेलं तर आधी वकील गाठा, लेख घाईनं पुसू नका.

१८. दोन-तीन वर्षं ब्लॉगकडे बघितलंच नाही. तो गेला असेल का? आणि माझ्यानंतर त्याचं काय होईल?

आधी गुगल खात्यात लॉगिन करून बघा. दोन वर्षं अजिबात न वापरलेलं खातं गुगल काढून टाकू शकतं, हे धोरण २०२३ पासून आहे. खातं उघडत असेल तर ब्लॉग बहुतेक जागेवरच असेल. ब्लॉगरच्या सेटिंगमध्ये बॅकअपचा पर्याय आहे, त्यातून सगळे लेख एका फाइलीत उतरतात. ही फाइल पेन ड्राइव्हवर आणि घरातल्या दुसऱ्या कुणाच्या तरी ईमेलमध्ये ठेवा. फोटो वेगळे उतरवून ठेवा.

पुढची सोय दोन प्रकारे होते. ब्लॉगरवर विश्वासातल्या माणसाला, मुलगी, पुतण्या, मंडळातला कुणी तरुण, दुसरा ॲडमिन करून ठेवा. आणि गुगलच्या इनॲक्टिव्ह अकाउंट मॅनेजरमध्ये, खातं अमुक महिने वापरात नसलं तर कुणाला कळवायचं आणि काय द्यायचं, ते लिहून ठेवा. स्वतःचं डोमेन, म्हणजे ब्लॉगच्या पत्त्याचं स्वतंत्र नाव, विकत घेतलं असेल तर त्याचे पैसे दर वर्षी कोण भरणार तेही ठरवा, नाहीतर नाव दुसरंच कुणीतरी घेतं. शिवाय वर्षातून एकदा निवडक लेखांच्या छापील प्रती काढून गावच्या वाचनालयात द्या, आणि पहिल्या पानावर ब्लॉगचा पत्ता व वर्ष लिहा.

१९. यातून पैसे मिळतात का?

जाहिरातींतून थोडे मिळू शकतात. गुगलच्या ॲडसेन्समध्ये मराठी चालतं, पण खात्यात १०० डॉलर जमल्याशिवाय पैसे हातात येत नाहीत, आणि एका तालुक्यापुरत्या विषयावर तेवढे जमायला फार वेळ लागतो. त्यापेक्षा लेख साठले की पुस्तिका काढणं, किंवा कुठल्या दिवाळी अंकानं लेख मागितला तर मानधन घेणं, हे जास्त होण्यासारखं आहे. ब्लॉगवर आधी आलेला लेख अंकाला देताना संपादकांना तसं सांगा, काही अंक फक्त अप्रकाशित लेख घेतात.